अकरा मिनिटांचा शॉट

ग्वेल्फ, ८ नोव्हेंबर २०१५

प्रिय अक्षता,

फोनवरच सांगणार होते. पण आपल्या फोनमध्ये नंदन असतो, आई असतात, आणि तुझ्यामागे कुणीतरी वॉकीटॉकीवर बोलत असतं. म्हणून पत्र. तू टाकून द्यायला निघालेला कॅमेरा तुझ्या वहिनीला पाठवलास, त्याचं पुढं काय झालं ते तुला कळायला हवं.

फिल्म झाली. सहा मिनिटांची आहे, नाव 'बी'. लॅबमध्ये आम्ही ओल्या कागदावर शंभर बिया मांडतो आणि सातव्या दिवशी किती उगवल्या ते मोजतो. आठ वर्षं मी हेच करतेय, तेच शूट केलं. मॅनेजरनं रविवारी लॅब उघडून दिली. ट्रायपॉड नव्हता, मग कॅमेरा बियांच्या दोन पोत्यांवर ठेवला. एकदा नीट बसल्यावर हलवायची भीती वाटली, म्हणून हलवलाच नाही. मधेच फ्रीज घुरघुरतो, तोही राहू दिला. संगीत घालावं असं नंदन म्हणत होता. मला फ्रीज बरा वाटला.

इथल्या लायब्ररीत दाखवली. एकोणीस माणसं आली, त्यात चार घरची. बळवंतकाका काठी टेकत आले होते. ते अडुसष्ट सालापासून इथे आहेत, युनिव्हर्सिटीतून रिटायर होऊन आता वीस वर्षं झाली. म्हणाले, "सुनेत्रा, जन्मभर गव्हावर काम केलं मी, पण बी एवढा वेळ कधी बघत बसलो नव्हतो."

तू फिल्म स्कूलला शिकलेली आहेस, मी नाही. पेन ड्राइव्ह सोबत आहे. कुठं चुकलंय ते मोकळेपणानं सांग. पुढची फिल्म आईंना घेऊन करावी असं मनात आहे. त्या भाजी निवडायला बसतात तेव्हा त्यांच्याकडं बघत राहावंसं वाटतं.

तुझी,
सुनेत्रा


व्हँकुव्हर, २९ नोव्हेंबर २०१५

प्रिय वहिनी,

बघितली. पहिल्या प्रयत्नाच्या मानानं छान आहे, आणि हे मी तू घरची म्हणून म्हणत नाही.

आता मोकळेपणानं. एकही क्लोज-अप नाही. बी फुटतं तो क्षण लांबून दाखवून काय मिळालं? कॅमेरा हलत नाही ही तुझी स्टाइल नव्हे, ती अडचण होती. अडचणीलाच स्टाइल म्हणायची सध्या फॅशन आहे, पण आपण त्यात पडू नये. आणि फ्रीजचा आवाज काढ. ते साउंड डिझाइन नाही, तो फ्रीज आहे.

माझं नेहमीचंच चाललंय. अमेरिकन सिरीज, गोष्ट शिकागोची, शूटिंग इथलं. कोणत्या शॉटमध्ये कप कोणत्या हातात होता, कॉलरचं बटण उघडं होतं की लावलेलं, हे सगळं मी लिहून ठेवते, म्हणजे दोन शॉट जोडल्यावर प्रेक्षकाला खटकत नाही. रोज चौदा तास. माझं स्वतःचं स्क्रिप्ट सातव्या ड्राफ्टवर आहे. ते घाईनं करायचं नाही असं मी ठरवलंय.

आईचं म्हणशील तर फार आशा ठेवू नकोस. फिल्म स्कूलला असताना सुट्टीत कराडला गेले होते, तेव्हा मी तिला दोनदा विचारलं होतं. दोन्ही वेळा म्हणाली, "मला कशाला, चेहरा बघ माझा." ती कॅमेऱ्यासमोर बसत नाही. मी तिची मुलगी आहे, मला माहीत आहे.

अक्षता


ग्वेल्फ, १४ ऑगस्ट २०१६

प्रिय अक्षता,

आई बसल्या.

मी विचारलं नाही म्हणून असेल. कॅमेरा टेबलाच्या उंचीवर ठेवला आणि सांगितलं, हा इथे आहे, चालू आहे, नको वाटलं तर हे बटण दाबून बंद करा. "असू दे, मला काय करायचंय," म्हणाल्या, आणि मेथी पुढ्यात ओढली. चार रविवार असं चाललं. मी 'ॲक्शन' म्हणत नाही. सासूबाईंना आज्ञा कशी करणार? त्या बसल्या की सुरू, उठल्या की संपलं. जवळही गेले नाही. माणसाच्या इतक्या जवळ जायचं तर आधी विचारावं लागतं, असं मला वाटतं. तू रागावशील, पण फ्रीज या वेळीही आहे.

फिल्म अडतीस मिनिटांची झाली, नाव 'निवडणं'. शेवटचा शॉट अकरा मिनिटांचा आहे. तो तू पाहावास म्हणूनच हे लिहितेय.

आपल्या मागच्या वाफ्यातली वालपापडी होती. आई शेंगांचे दोरे काढत बसल्या. सात मिनिटं काहीच होत नाही. मी मागे सिंकपाशी भांडी घासत होते. मग त्या खाली बघतच म्हणाल्या, "अक्षताचं काम काय असतं गं? तुला कळतं?" मी म्हटलं, थोडं थोडं. "मी दोनदा विचारलं तिला. म्हणाली, तुला नाही कळायचं आई. मग विचारायचं सोडलं." मी नळ बंद केला. त्या दोन-तीन शेंगा निवडून झाल्यावर म्हणाल्या, "रागावून नाही म्हणाली. घाईत होती." त्यापुढे तीन मिनिटं पुन्हा नुसत्या शेंगा.

तुला हे नको असेल तर सरळ सांग, मी काढीन. आई तुझी आहे, नावही तुझं आहे. का, असं विचारणारही नाही. आणि फिल्म म्हणून तो शॉट कसा वाटतो ते वेगळं सांग. तुझ्याशिवाय मला विचारायला कुणी नाही.

सुनेत्रा


व्हँकुव्हर, ४ सप्टेंबर २०१६

प्रिय वहिनी,

शूट चालू असूनही वेळ काढून दोनदा बघितली.

माझ्या नावाचं आधी संपवते. मला काहीही वाटलं नाही. आई सगळ्यांबद्दल असंच बोलते. माझ्यासाठी म्हणून काही काढायची गरज नाही.

प्रश्न फिल्मचा आहे, आणि फिल्म म्हणून विचारशील तर तो शॉट काढ. फेस्टिव्हलचे लोक एका दिवसात तीस-तीस फिल्म बघतात. अकरा मिनिटांच्या शेंगा कुणी बघत नाही, तिसऱ्या मिनिटाला पुढे ढकलतात. शिवाय आधीची सत्तावीस मिनिटं तू काहीच सांगत नाहीस, ते मला आवडलं. आणि शेवटी एकदम लेक आणि आई आणि हळवं बोलणं? ती टीव्ही सिरीयल झाली. तू स्वतःच घातलेली शिस्त मोडतेस. अर्धा शॉट ठेवायचाही मोह नको, तो पूर्ण जाऊ दे. सत्तावीस मिनिटांची घट्ट फिल्म उरेल. मी तुझ्या जागी असते तर दुसऱ्यांदा विचार केला नसता.

एक विचारायचं होतं. आई ते आपणहून बोलली की तू तिला दोन-तीनदा बोलायला लावलंस?

अक्षता


ग्वेल्फ, २ ऑक्टोबर २०१६

प्रिय अक्षता,

काढला. हात जड झाला होता, पण तू शिकलेली आहेस, आणि इतकं स्पष्ट सांगणारं दुसरं कोण आहे मला? सत्तावीस मिनिटांची फिल्म आठ ठिकाणी पाठवली.

आई एकदाच बोलल्या, आपणहून.

आता बळवंतकाकांवर करायचं ठरवलंय. ते तयार आहेत. सुती सूट घालून भर जानेवारीत टोरांटोला उतरले होते, तिथपासून सांगत सुटतात. मार्चमध्ये सुरू करू म्हणालेत, तोवर त्यांचा गुडघा बरा होईल.

घाईत,
सुनेत्रा


ग्वेल्फ, १७ एप्रिल २०१७

प्रिय अक्षता,

आठही ठिकाणांहून नाही आलं. सात जणांनी आभार मानले. एकीनं दोन ओळी लिहिल्या, की काहीतरी घडणार असं वाटत असतानाच फिल्म संपते.

त्याचं एवढं नाही. मागच्या शनिवारी लायब्ररीत दाखवली. आई पहिल्या रांगेत बसल्या होत्या, डाळिंबी इरकल नेसून. फिल्म संपली, टाळ्या झाल्या, तरी त्या पडद्याकडंच बघत होत्या. परत येताना गाडीत म्हणाल्या, "माझं बोलणं कुठं गेलं?"

मी म्हटलं, लांबलं होतं, म्हणून काढलं.

"मी लांबवलं?"

"नाही आई. मीच."

नंदननं आरशातून माझ्याकडं पाहिलं. त्यानंतर आई भाजी स्वतःच्या खोलीत घेऊन जातात आणि दार लावून निवडतात. मला "चहा घेतेस का" विचारतात, त्यापलीकडं बोलत नाहीत. तुझं नाव मी घेतलं नाही. निर्णय माझा होता.

कॅमेरा कपाटात ठेवून दिलाय. माणूस मन उघडं करून आपल्यासमोर बसतो आणि आपण काय ठेवायचं ते ठरवतो, हे मला झेपणार नाही असं दिसतं. बळवंतकाकांना कळवलं, इतक्यात नको. "मी कुठं जातोय," म्हणाले.

सुनेत्रा


व्हँकुव्हर, ६ मे २०१७

प्रिय वहिनी,

वाईट वाटलं. पण खरं सांगू, हे सगळ्यांच्या वाट्याला येतं. नकार पचवणं हा या धंद्यातला पहिला धडा असतो. आईला लांबलं होतं एवढंच सांगितलंस ते बरं केलंस, ते खरंच आहे. तू ब्रेक घे. छंद म्हणून जे आनंद देत होतं ते ओझं व्हायला नको.

इकडे एक चांगली बातमी आहे. मी शेवटी माझी फिल्म करतेय. पूर्ण स्क्रिप्ट नाही, त्यातला एक भाग, पंधरा मिनिटांचा. युनिटमधले सोळा जण दोन वीकेंड माझ्यासाठी येणार आहेत, नावाजलेला कॅमेरामन आहे, एक दिवस क्रेनही आहे. इथल्या किट्सिलानो भागातला एक काँडो-फ्लॅट मिळालाय, खिडकीतून समुद्र दिसतो. नायिका टोरांटोहून येतेय. आईला सांग. कशाबद्दल आहे म्हणून विचारलं तर सांग, एका बाईच्या एकटेपणाबद्दल.

अक्षता


ग्वेल्फ, ३ जून २०१८

प्रिय अक्षता,

वर्ष झालं लिहून. तुझा सल्ला मी मोडला, ते आधी सांगते.

जानेवारीत आपल्याकडं हळदीकुंकू होतं. पंधरा-सोळा बायका होत्या. कुणीतरी फिल्मचं विचारलं. आई तिळगूळ देता देता सहज म्हणाल्या, "केली की हिनं. मी बोलले ते तिला आवडलं नाही, म्हणून काढून टाकलं." त्यांच्या आवाजात राग नव्हता. मी वाण वाटत राहिले. बायका गेल्यावर मी बेसमेंटमध्ये जाऊन कॉम्प्युटर लावला आणि तो शॉट होता तसा परत जोडला. अकराच्या अकरा मिनिटं. फेस्टिव्हल घेवोत न घेवोत, आईंचं आईंना परत द्यायचं होतं.

विनिपेगच्या एका लहानशा फेस्टिव्हलला पाठवली, त्यांनी घेतली. मी गेले होते. शेवटच्या शॉटच्या आठव्या मिनिटाला माझ्यापुढच्या बाई पर्स बंद करत होत्या. क्लिकचा आवाज होईल म्हणून त्यांनी ती तशीच उघडी धरून ठेवली, शेवटपर्यंत. ते मी विसरणार नाही. दुसऱ्या दिवशी पहिला पुरस्कार जाहीर झाला. त्यानंतर हॅलिफॅक्स आणि माँट्रियलहून बोलावणं आलं. आणि ऑक्टोबरमध्ये व्हँकुव्हरला आहे.

विनिपेगला आपली मुलं भेटली. पृथ्वीराज साताऱ्याचा, गौरांगी नाशिकची, आणखी तिघं. एका बेसमेंटमध्ये राहतात, कॉलेज आणि पार्ट-टाइम करतात, पीआरची, म्हणजे इथे कायम राहायच्या परवान्याची, वाट बघतात. घरमालकाच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ उपसायची पाळी भिंतीवर लिहून ठेवलीय. पुढची फिल्म त्यांच्यावर करतेय, मोठी, दीड तासाची. नाव 'तात्पुरतं'. या वेळी विनिपेगच्या आर्ट्स कौन्सिलचा आधार आहे. कॅमेरा अजून तुझाच.

ऑक्टोबरमध्ये तुझ्याकडं उतरू का? आणि तुझ्या फिल्मचं काय झालं? नंदन म्हणतो विचारू नकोस, पण मला खरंच जाणून घ्यायचंय.

सुनेत्रा


व्हँकुव्हर, २४ सप्टेंबर २०१८

प्रिय वहिनी,

अभिनंदन. उशिरा लिहितेय, कारण वेळच नाही.

तू येशील त्या आठवड्यात आमचं युनिट कॅम्लूप्सला असेल, त्यामुळे घरीही नाही आणि स्क्रीनिंगलाही नाही. फेस्टिव्हलवाले हॉटेल देतातच. माझ्या फिल्मचं निवांत बोलू.

अक्षता


व्हँकुव्हर, २१ ऑक्टोबर २०१८

प्रिय वहिनी,

मी कॅम्लूप्सला नव्हते. मी थिएटरमध्ये होते, शेवटच्या रांगेत, टोपी घालून.

तू निळा कोट घालून स्टेजवर आलीस. माइक हनुवटीला टेकवून बोलत होतीस, तसा धरायचा नसतो. कुणीतरी विचारलं, तुमचा कॅमेरा हलत का नाही? तू म्हणालीस, पाहुण्यानं दुसऱ्याच्या घरात उगाच फिरू नये. लोक हसले आणि मग टाळ्या वाजल्या. मी ज्याला अडचण म्हटलं होतं त्याला टाळ्या पडताना मी बघितल्या, आणि उठून बाहेर पडले.

आता खरं लिहिते. मी तुझी फिल्म तेव्हा दोनदा पाहिली नव्हती. तो शेवटचा शॉट मी अकरा-बारा वेळा पाहिला होता. पहिल्यांदाच कळलं होतं की फिल्मचा जीव तिथे आहे. तो काढला की बाकीची सत्तावीस मिनिटं नुसती भाजी आहे. हे ओळखण्याइतकं मी शिकलेय. ते ओळखलं, आणि म्हणूनच तुला काढायला सांगितलं.

मला लाज वाटली होती हे खरंय. पण तेवढंच असतं तर लाज वाटते एवढं लिहून मोकळी झाले असते. तू वाट करून दिली होतीस, 'का, असं विचारणारही नाही' असं लिहून. मी ती वाट घेतली नाही, कारण मग शॉट चांगला आहे हे मान्य करावं लागलं असतं. मी बारा वर्षं या धंद्यात आहे. मला आई मिळाली नाही, आणि तू भांडी घासता घासता तुला मिळाली. माझी आई. माझ्याच जुन्या कॅमेऱ्यात.

मला तुझा मत्सर वाटतो. हे मराठीतच लिहावं लागतं. इथे लोक 'आय ॲम सो जेलस' म्हणतात, हसतात आणि मिठी मारतात. हा तसला नाही. तुला आठ नकार आले ते पत्र मी सेटवर वाचलं होतं, आणि त्या दिवशी मला बरं वाटलं होतं. त्यानंतर दोन आठवड्यांनी मी क्रेनबद्दल लिहिलं.

माझी फिल्म कुणी घेतली नाही. इथे जवळच्या सरे गावात, एका कम्युनिटी हॉलमध्ये दाखवली एकदा. तिच्यात सगळं बरोबर आहे. एकही चूक सापडत नाही, कारण चुका शोधणं हेच माझं काम आहे. पण ती बाई एकटी का आहे ते मला शेवटपर्यंत कळलं नव्हतं, आणि ते दिसतं.

क्षमा मागायला लिहिलेलं नाही. तुला कळायला हवं होतं.

अक्षता


ग्वेल्फ, ९ डिसेंबर २०१८

अक्षता,

तुझं पत्र लॅबमध्ये वाचलं आणि तिथल्याच ड्रॉवरमध्ये ठेवलं. घरी नेलं नाही. नंदनला सांगितलेलं नाही.

थिएटरमध्ये येऊन न भेटता गेलीस, त्याचं मला काही नाही. पण तुला असं वाटतंय की एक शॉट गेला आणि परत आला. तेवढंच नाही ते.

तुझ्यावर विसंबून मी नऊ महिने कॅमेऱ्याला हात लावला नाही. त्या नऊ महिन्यांत बळवंतकाका बोलत होते. दर रविवारी फोन करून विचारायचे, "कधी सुरू करायचं?" मीच टाळत राहिले. मी परत कॅमेरा घेतला तोवर ते विसरायला लागले होते, आणि या उन्हाळ्यात त्यांना नर्सिंग होममध्ये ठेवावं लागलं. मागच्या रविवारी मी कॅमेरा घेऊन गेले होते. त्यांनी मला बहिणीच्या नावानं हाक मारली आणि गाडी किती वाजता आहे विचारलं. मी कॅमेरा पिशवीतून काढलाच नाही. ते विसरले यात तुझा दोष नाही, मला कळतं. पण ते आठवत होते तेव्हा मी घरी बसले होते, आणि का बसले होते ते आता कळलं.

आईंना अजून वाटतं की त्यांचं बोलणं मला आवडलं नव्हतं. परत जोडलं तरी. "लोकांनी नावाजलं म्हणून ठेवलंस," म्हणतात. मी ऐकून घेते. दीड वर्ष ऐकून घेतेय.

ते आता तू सांगायचंस. पत्रातून नाही, फोनवरही नाही. तिकडं बोलावून घे आणि समोर बसून सांग. मी सांगणार नाही. सांगशील तेव्हा मला लिही. तोपर्यंत लिहू नकोस.

सुनेत्रा


व्हँकुव्हर, १५ सप्टेंबर २०१९

प्रिय वहिनी,

तू म्हणालीस तोपर्यंत लिहिलं नाही. आता लिहिते.

आई ऑगस्टच्या शेवटी आली ते तुला माहीतच आहे. पहिले बारा दिवस मी रोज ठरवायची आणि रोज तिला कुठंतरी फिरायला न्यायची. गार्डन झालं, देऊळ झालं, ग्रोसरी तर चारदा झाली. शेवटी तीच म्हणाली, "आता मला घरी बसू दे."

मग मी लॅपटॉप उघडला आणि आमच्या सिरीजचा एक एपिसोड लावला. म्हटलं, मी काय करते ते दाखवते. ती म्हणाली, "मला कळेल का?" हे टोमण्यानं नाही, खरंच विचारलं तिनं. दर मिनिटाला थांबवून मी दाखवत गेले. ही बाई दारातून आत येते ते जूनमधलं आहे आणि खुर्चीवर बसते ते जुलैमधलं, तरी पदर... म्हणजे स्कार्फ बघ, त्याच खांद्यावर आहे. तो मी ठेवला. दोन तास चाललं. तिनं चष्मा पुसून पुसून बघितलं. शेवटी म्हणाली, "म्हणजे काम नीट झालं तर तू दिसत नाहीस."

मी म्हटलं, हो.

"आणि चुकलं तर?"

"तर सगळ्यांना दिसते."

"वाईट आहे गं," म्हणाली, आणि उठून कुकर लावला.

तरी त्या दिवशी सांगितलं नाही. दोन दिवसांनी सांगितलं, खाली बिल्डिंगच्या लाँड्री रूममध्ये. आम्ही दोघी चादरीची घडी घालत होतो, दोन टोकं तिच्या हातात, दोन माझ्या. मी म्हटलं, आई, तुझं बोलणं फिल्ममधून वहिनीनं काढलं नव्हतं. मी काढायला लावलं. तिला खोटं सांगितलं, की ते चांगलं नाही. ते सगळ्यात चांगलं होतं.

तिनं हातातली टोकं सोडली नाहीत. का, म्हणून विचारलं. मी म्हटलं, तू माझ्यासमोर कधी बसली नाहीस आणि तिच्यासमोर बसलीस. तिनं चादर ताणून सरळ केली. मग पुढं आली, तिची टोकं माझ्या टोकांना जुळवली आणि घडी माझ्या हातात दिली. लिफ्टमध्ये बटण तिनंच दाबलं. मी वाट बघत होते, की ती रागावेल. रागावली असती तर ते तरी माझ्या वाट्याचं असतं.

वर येऊन तिनं चहा टाकला. गाळताना एक वाक्य म्हणाली, आणि मग तुला फोन लावायला सांगितला. तू विनिपेगला 'तात्पुरतं'च्या शूटवर होतीस, फोन लागला नाही. बुधवारी ती ग्वेल्फला परतली. तुझ्याशी ती आता नीट बोलेल, पण ते वाक्य तुला सांगेल असा भरवसा नाही. ती माणसाच्या तोंडावर चांगलं बोलत नाही, हे आपल्या दोघींनाही माहीत आहे.

ते वाक्य लिहायला मला चार दिवस लागले. दोनदा पत्र इथपर्यंत आणून फाडलं. मत्सर गेला म्हणून लिहीत नाही. तो आहे, आत्ता हे लिहिताना चांगलाच आहे. तुझ्याबद्दलचं वाक्य होतं, मी समोर उभी होते, आणि माझ्याबद्दल ती काहीच म्हणाली नाही. पण तिचं बोलणं एकदा मी कापलंय. म्हणून जसं म्हणाली तसं, एकही शब्द इकडचा तिकडे न करता लिहिते.

आई म्हणाली, "मला वाटलंच होतं. सुनेत्राच्या हातून असं व्हायचं नाही."

अक्षता